इंग्रिड बर्गमनबाई

गेल्या पावसाळ्यांत एका शनिवारीं आमच्या शाळेच्या सभागृहांत वरच्या वर्गांतील विद्यार्थ्यांस एक जुना बोलपट दाखविण्यांत आला. चीन देशांत अनाथ लेंकरांची सेवा करणाऱ्या ग्लॅडिस एलवर्ड ह्या इंग्रज मिशनरी बाईंच्या आयुष्यावर तो रचलेला आहे. शंभर मुलें बरोबर घेऊन डोंगरामागून डोंगर ओलांडणारी, थकलेली, तरी मुलांसाठीं गाणें चालूं ठेवणारी ती बाई पाहून पुष्कळ मुलींनीं डोळे पुसले. दिवे लागल्यावर नववींतील एका मुलीनें आम्हांस विचारलें कीं, ह्या बाई खऱ्याच मिशनरी होत्या काय? आम्हीं तिला सांगितलें कीं, नव्हत्या. त्या स्वीडन देशच्या एक नटी होत्या, आणि हें काम त्यांनीं केलें त्याच्या आठच वर्षें अगोदर अमेरिकेंतील अनेक उपासनामंदिरांतून त्यांच्या नांवाची जाहीर निर्भर्त्सना झाली होती. त्या मुलीच्या चेहऱ्यावर जो गोंधळ उमटला तो आमच्या मनांतून गेला नाहीं. पुढील मजकूर म्हणजे तिला उशिरानें दिलेलें उत्तर होय.

ह्या पृष्ठांवर बहुधा धर्मसेवकांचीं, शास्त्रज्ञांचीं व लोकसेवकांचीं चरित्रें येत असतात. त्यांच्या पंक्तीस एका नटीला बसविलेलें पाहून कोणा वडीलधाऱ्या वाचकाच्या कपाळास आठी पडल्यास आम्हांस नवल वाटणार नाहीं. त्यांस आमची एवढीच विनंती कीं, निकाल देण्यापूर्वीं चरित्र शेवटपर्यंत वाचावें. ह्या बाईंच्या बाबतींत निकाल आधीं देण्याची घाई एकदां होऊन गेलेली आहे.

इंग्रिडचा जन्म स्वीडनची राजधानी स्टॉकहोम येथें ता. २९ ऑगस्ट १९१५ रोजीं झाला. वडील युस्टुस बर्गमन हे स्वीडिश, तर आई फ्रीडेल ही जर्मनीची. ह्या दांपत्याचीं आधींचीं दोन अपत्यें दगावलीं होतीं. त्यामुळें ह्या मुलीचें फार कौतुक झालें आणि राजघराण्यांतील एका लहानग्या राजकन्येचें नांव तिला ठेवण्यांत आलें. वडिलांचें छायाचित्रांचें दुकान होतें. चित्रकलेचा आणि गायनाचाही त्यांना मोठा नाद होता. हलतीं चित्रें घेण्याचा कॅमेरा ही त्या काळीं नवलाची वस्तु. ती मिळवून ते मुलीच्या वाढदिवसाचें चित्र घेत. इंग्रिड अडीच वर्षांची होते न होते तोंच आई वारली. त्यानंतरच्या एका चित्रांत ही चिमुरडी आईच्या थडग्यावर फुलें ठेवीत असलेली दिसते. कॅमेऱ्यापुढें वावरण्याची संवय तिला अशी नीट बोलतां येण्यापूर्वींच लागली. आणि कॅमेऱ्यामागें उभें असलेलें माणूस आपल्यावर माया करणारें असतें, ही समजूतही तिच्या मनांत तेव्हांच रुजली असावी, असें आम्हांस वाटतें.

१९२९ सालीं वडीलही कर्करोगानें गेले. मुलीला तेव्हां चौदावें वर्ष पुरें झालें नव्हतें. एक अविवाहित आत्या तिचा सांभाळ करूं लागली, पण सुमारें सहा महिन्यांतच एका रात्रीं तिला हृदयविकाराचा झटका आला आणि ह्या मुलीच्या हातांवरच तिनें प्राण सोडला. मग इंग्रिड काकांच्या घरीं गेली. तेथें पांच चुलत भावंडें होतीं. पोरकी मुलगी मुखदुर्बळ झाली. चार माणसांत तिला शब्द फुटत नसे. मात्र एकटी असली कीं ती नाना सोंगें घेई. कधीं राणी, कधीं चेटकीण, तर कधीं अस्वल. दुसऱ्याच्या तोंडचे शब्द बोलतांना तिची भीति नाहींशी होत असे. वर्गांत उत्तर देतांना थरथर कांपणारीं आणि स्नेहसंमेलनांत रंगमंच गाजविणारीं मुलें आम्हीं शिक्षकांनीं पाहिलेलीं आहेत. त्यांतलीच ही एक.

वडिलांनीं तिला अकराव्या वर्षीं नाटक दाखविलें होतें, आणि त्याच दिवशीं हाच आपला मार्ग, असें तिनें ठरविलें होतें. काकांना नाटकाचा धंदा हलका वाटे. तरी त्यांनीं तिला एक संधि दिली : राजनाट्यगृहाच्या शाळेची प्रवेशपरीक्षा द्यावी, प्रवेश न मिळाल्यास नाटकाचें नांव पुन्हां काढूं नये. १९३३ सालीं ती परीक्षेस बसली. खेडवळ मुलीचा एक विनोदी प्रवेश तिनें निवडला होता. ती उडी मारून रंगमंचावर आली, दोन-चार वाक्यें बोलली, तोंच परीक्षक आपापसांत बोलूं लागले आणि त्यांनीं तिला मध्येंच थांबवून परत पाठविलें. आपण नापास झालों अशी तिची खात्री झाली. ती थेट पाण्याच्या कांठीं जाऊन उभी राहिली, आणि जीव देण्याचा विचारही तिच्या मनांत येऊन गेला. पुढें तिला कळलें कीं, तिची निवड पहिल्या क्षणींच झाली होती, म्हणून पुढें पाहण्याची परीक्षकांना गरज उरली नव्हती! परीक्षेचा निकाल लागण्यापूर्वींच आपला निकाल लावून मोकळें होणाऱ्या आमच्या विद्यार्थ्यांनीं हा प्रसंग ध्यानांत ठेवावा.

शाळेंत ती एकच वर्ष राहिली. चित्रपटसंस्थेनें बोलावलें आणि ती गेली. १९३५ पासून तीन-चार वर्षांत तिनें स्वीडिश भाषेंत सुमारें दहा चित्रपटांत कामें केलीं. त्यांतील १९३६ चा ‘इंटरमेट्झो’ विशेष गाजला. एक नामांकित विवाहित व्हायोलिनवादक आपल्या मुलीच्या संगीतशिक्षिकेवर भाळून घर सोडतो आणि अखेर घरीं परत येतो, अशी ती कथा आहे. दिग्दर्शक होते गुस्ताफ मोलांडर. १९३७ सालीं इंग्रिडचें लग्न पेटर लिंडस्ट्रॉम ह्या दंतवैद्याशीं झालें, आणि १९३८ सालीं पिया नांवाची कन्या झाली. ह्यापुढें आम्ही तिला बाई म्हणूं.

‘इंटरमेट्झो’ची कीर्ति अमेरिकेंत पोहोंचली. डेव्हिड सेल्झनिक नांवाच्या मोठ्या निर्मात्यानें तीच कथा इंग्रजींत काढण्यासाठीं १९३९ सालीं बाईंना हॉलिवुडला बोलावलें. तेथील रीत अशी कीं, परदेशची नटी आली म्हणजे प्रथम तिचें नांव बदलावयाचें, मग भुंवया, मग दांत. बाईंनीं ह्या तिन्ही गोष्टींना साफ नकार दिला. जशी आहें तशी ठेवा, नाहींतर पहिल्या बोटीनें परत जातें, असा त्यांचा पवित्रा होता. सेल्झनिक व्यवहारी माणूस. त्यानें ह्या हट्टाचेंच भांडवल केलें. रंगरंगोटी न करणारी, साधी, निर्मळ, घरंदाज, पतिनिष्ठ नटी अशी त्यांची जाहिरात सुरू झाली. ती अगदींच खोटी नव्हती. बाई खरोखरच साध्या राहत व कष्टाळू होत्या. परंतु जिवंत माणसाचा पुतळा बनवून चौथऱ्यावर बसविला कीं त्याला हलण्याची सोय राहत नाहीं, हें ना सेल्झनिकच्या ध्यानांत आलें ना बाईंच्या.

एका सांच्यांत अडकून राहणें मात्र त्यांना मान्य नव्हतें. १९४१ सालीं ‘डॉ. जेकिल अँड मि. हाइड’ ह्या चित्रपटांत त्यांना सालस वाग्दत्त वधूचें काम देऊं केलें होतें; त्यांनीं तें सोडून मद्यगृहांतील छळल्या गेलेल्या मुलीचें काम मागून घेतलें. पुढच्या वर्षीं ‘कासाब्लांका’ झाला. महायुद्धाच्या धामधुमींत मोरोक्कोंतील एका शहरांत अडकलेल्या निर्वासितांची ही कथा. तिची नायिका दोन पुरुषांच्या मध्यें उभी आहे : एक तिचा पति, नाझींविरुद्ध झगडणारा पुढारी, दुसरा जुना प्रियकर, तें काम हंफ्री बोगार्टनें केलें आहे. चित्रपट घेतला जात असतांना कथा पुरी लिहिलेलीच नव्हती. संवाद रोजच्या रोज लिहून येत. शेवटीं नायिका कोणाबरोबर जाणार हें बाई विचारीत, आणि दिग्दर्शक मायकेल कर्टिस सांगत कीं, तूर्त दोघांच्या मध्यें राहून काम करा. म्हणून त्या दोघांकडेही पुरतें झुकल्या नाहींत. जें संभ्रमाचें पाणी त्यांच्या डोळ्यांत दिसतें तें बरेंचसें खरें होतें. त्या चित्रपटास १९४३ चा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा ऑस्कर मिळाला. बाईंना स्वतःला पहिला ऑस्कर मिळाला तो १९४४ च्या ‘गॅसलाइट’साठीं. पतीच्या कपटानें स्वतःच्याच बुद्धीवरचा विश्वास गमावत चाललेल्या पत्नीचें तें काम होतें.

१९४५ च्या ‘दि बेल्स ऑफ सेंट मेरीज’ मध्यें त्या शाळा चालविणाऱ्या जोगीण झाल्या. मुलाला मुष्टियुद्धाचे धडे देणारी ती हंसतमुख सिस्टर लोकांना इतकी आवडली कीं, पुष्कळांच्या मनांत बाई आणि तो शुभ्र शिरोवेष हीं एकच होऊन बसलीं. १९४६ सालीं न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर त्यांनीं संत जोन ऑफ आर्कचें काम केलें, आणि १९४८ सालीं तीच भूमिका मोठ्या खर्चाच्या रंगीत चित्रपटांतही केली. जोन ही त्यांची लहानपणापासूनची आवडती व्यक्ति.

ह्या नाटकाच्या वेळची एक गोष्ट अमेरिकेंतही फारशी सांगितली जात नाहीं. आम्हांला ती महत्त्वाची वाटते. न्यूयॉर्कला जाण्यापूर्वीं नाटकाचे प्रयोग वॉशिंग्टन येथें व्हावयाचे होते. तेथें गेल्यावर बाईंना कळलें कीं, त्या नाट्यगृहांत कृष्णवर्णीय प्रेक्षकांस प्रवेश नाहीं. त्यांनीं वार्ताहरांना बोलावून स्पष्ट सांगितलें कीं, हें आधीं माहीत असतें तर आपण येथें कामच पतकरलें नसतें. त्याबद्दल कांहीं लोक त्यांच्या अंगावर थुंकले. ज्या राष्ट्रानें नुकताच नाझींचा पाडाव केला होता त्याच्या राजधानींतील ही गोष्ट. आपल्या देशांत, पंक्तीपंक्तींत आणि विहिरीविहिरींवर काय चालत आलें आहे हें जाणणाऱ्या वाचकांस तिचा अर्थ फोडून सांगण्याचें कारण नाहीं.

आतां आम्ही त्या भागाकडे येतों, ज्यामुळें हें चरित्र लिहितांना आमची लेखणी पुष्कळदां थबकली.

युद्धानंतर इटलींत रॉबेर्टो रोसेलिनी नांवाचा दिग्दर्शक नव्या तऱ्हेचे चित्रपट काढीत होता. खोटे देखावे नाहींत, नटवी माणसें थोडीं. उध्वस्त शहरें आणि रस्त्यावरचे लोक जसेच्या तसे. त्याचा ‘रोम, ओपन सिटी’ हा चित्रपट पाहून बाई थक्क झाल्या. हॉलिवुडच्या गुळगुळीतपणाचा त्यांना वीट आला होता. घरींही मन रमत नव्हतें. १९४८ सालीं त्यांनीं रोसेलिनीस पत्र लिहून त्याच्या चित्रपटांत काम करण्याची इच्छा कळविली. १९४९ च्या वसंतांत त्या इटलीस गेल्या आणि स्ट्राँबोली ह्या ज्वालामुखीच्या बेटावर चित्रपट सुरू झाला. नवी कला आणि ती शिकविणारा पुरुष ह्यांत त्यांना भेद करतां आला नाहीं. दोघेंही विवाहित. लवकरच बाईंनीं पतीस पत्रानें कळविलें कीं, आपण परत येणार नाहीं. ता. २ फेब्रुवारी १९५० रोजीं रोम येथें त्यांना मुलगा झाला. त्यानंतर, त्याच वर्षीं मे महिन्यांत, त्यांचें रोसेलिनीशीं लग्न लागलें.

आम्ही हें कृत्य योग्य म्हणत नाहीं, आणि कलेचें नांव घेऊन त्यावर पांघरूणही घालीत नाहीं. लग्नांत दिलेला शब्द मोडला गेला होता. अमेरिकेंत दहा-अकरा वर्षांची पिया होती. आई परत येणार म्हणून ती वाट पाहत होती आणि आई आली नाहीं. ज्या मुलीनें स्वतः अडीचाव्या वर्षीं आई गमावली तिनेंच आपल्या मुलीला आईवांचून ठेवावें, ह्याहून दुःखाची गोष्ट ह्या चरित्रांत नाहीं.

पण ह्या दुःखाची कींव ओरडणाऱ्यांपैकीं फार थोड्यांनीं केली. अमेरिकेंत जो गहजब उडाला तो पियासाठीं नव्हता. आपला पुतळा भंगला म्हणून होता. जी जोगीण होती, जी संत जोन होती, तिनें आम्हांस फसविलें, असें लोक म्हणूं लागले. जणूं तो शिरोवेष आणि तें चिलखत त्यांनीं कपड्यांच्या कोठींतून उसनें घेतलेलेंच नव्हतें. कांहीं शहरांनीं ‘स्ट्राँबोली’ चित्रपटास बंदी केली. ता. १४ मार्च १९५० रोजीं कोलोरॅडोचे सेनेटर एडविन जॉन्सन ह्यांनीं अमेरिकन सेनेटमध्यें उभें राहून बाईंवर लांबलचक भाषण केलें, त्यांना समाजाला बिघडविणारी दुष्ट शक्ति ठरविलें, आणि नटनटींच्या व चित्रपटांच्या नीतीची तपासणी करून सरकारनें परवाने द्यावे असा कायदाही सुचविला. एका परक्या बाईच्या घरांतील गोष्ट ही एका महाराष्ट्राची चर्चा व्हावी, हें आज वाचतांना नवल वाटतें. शास्त्री व परुशी ज्या स्त्रीला ओढून प्रभूपुढें घेऊन आले होते तिची गोष्ट त्या सभागृहांतील बहुतेकांना बाळपणापासून पाठ असावी. ती त्या दिवशीं कोणास आठवली नाहीं.

बाई सात वर्षें अमेरिकेंत गेल्या नाहींत. इटलींत रोसेलिनीनें त्यांना घेऊन ‘युरोपा ५१’, ‘इटलीचा प्रवास’ वगैरे चित्रपट काढले. त्यांपैकीं एकही चालला नाहीं. दुसरा आज जाणते लोक फार नांवाजतात, पण कौतुक मागाहून आलें म्हणून तेव्हांचें कर्ज फिटत नाहीं. १९५२ सालीं इझाबेला व इझोटा ह्या जुळ्या मुली झाल्या. त्याच वर्षीं पियाला उन्हाळ्यांत इटलीस पाठवावें म्हणून बाईंनीं कॅलिफोर्नियांतील न्यायालयांत अर्ज केला. मुलीला साक्षीस बोलावण्यांत आलें, आणि आईविषयीं आपल्याला प्रेम वाटत नाहीं असें तिनें सांगितलें. अर्ज नामंजूर झाला. सेनेटरसाहेबांच्या सर्व भाषणांत नव्हती एवढी शिक्षा त्या एका जबानींत होती.

रोसेलिनीशीं संसारही टिकला नाहीं. दुसऱ्या कोणाच्या हाताखालीं बाईंनीं काम केलेलें त्याला खपत नसे. १९५६ च्या अखेरीस तो चित्रपट काढण्यासाठीं आपल्या हिंदुस्थानांत आला. पंडित नेहरूंनीं त्याचें स्वागत केलें. येथें तो एका विवाहित बंगाली स्त्रीच्या प्रेमांत पडला, आणि १९५७ सालीं मुंबईच्या वर्तमानपत्रांनीं ह्या प्रकरणावर तशीच शाई सांडली जशी सात वर्षांपूर्वीं अमेरिकेंतील पत्रांनीं बाईंवर सांडली होती. त्याच वर्षीं बाई आणि रोसेलिनी विभक्त झालीं. बाईंनीं त्याच्याविरुद्ध जगापुढें गाऱ्हाणें मांडलें नाहीं.

परंतु तोंपर्यंत वारा फिरला होता. १९५६ सालीं ‘अनस्तासिया’ हा चित्रपट इंग्लंडमध्यें तयार झाला. रशियाच्या वध झालेल्या झारची मुलगी म्हणून पुढें केलेली, स्वतःची ओळख हरवलेली एक स्त्री, हें त्यांचें काम. जग जिला ओळखावयास तयार नाहीं अशा स्त्रीची ती कथा बाईंनाच मिळावी, हा योग म्हणावा कीं निर्मात्याची चतुराई? १९५७ च्या जानेवारींत त्या न्यूयॉर्कच्या विमानतळावर उतरल्या तेव्हां स्वागताला गर्दी लोटली होती, आणि दोन महिन्यांनीं त्यांना दुसरा ऑस्कर मिळाला. आम्हांस मात्र त्या वर्षांतील दुसरीच भेट मोलाची वाटते. अठरा वर्षांची पिया पॅरिसला आईकडे आली. सहा वर्षांत मायलेकी भेटल्या नव्हत्या.

आतां त्या नववींतील मुलीनें पाहिलेल्या चित्रपटाविषयीं. त्याचें नांव ‘दि इन ऑफ दि सिक्स्थ हॅपिनेस’, म्हणजे सहाव्या सुखाची धर्मशाळा, साल १९५८. ग्लॅडिस एलवर्ड ही लंडनची एक घरकाम करणारी मोलकरीण. चिनी भाषा हिला येणार नाहीं म्हणून मिशननें तिला नाकारलें. तेव्हां तिनें पै पै सांठवून स्वतःच्या खर्चानें सैबेरियामार्गे आगगाडीनें चीन गांठला, शान्सी प्रांतांत खेचरवाल्यांसाठीं धर्मशाळा चालविली, मुलींचे पाय बांधण्याची चाल मोडण्यास मदत केली, आणि जपानी आक्रमणाच्या काळांत सुमारें शंभर मुलांना डोंगरांतून सुरक्षित स्थळीं नेलें. अलन बर्जेस ह्या लेखकाच्या पुस्तकावरून हा चित्रपट तयार झाला. चीनमधील डोंगर म्हणून जे दिसतात ते वेल्समधील आहेत, आणि ती चिनी मुलें बहुतेक लिव्हरपूल शहरांतील चिनी कुटुंबांतलीं. वृद्ध मँडरिनचें काम करणारे रॉबर्ट डोनाट त्या वेळीं इतके आजारी होते कीं, चित्रपट लोकांपुढें येण्यापूर्वींच ते वारले.

ग्लॅडिसबाई तेव्हां तैवानांत काम करीत होत्या. ह्या चित्रपटानें त्यांना आनंद झाला नाहीं, उलट फार क्लेश झाले. त्या स्वतः ठेंगण्या व काळ्या केसांच्या. पडद्यावरची बाई उंच, गोरी, सोनेरी केसांची. पण खरा घाव निराळा होता. चित्रपटकारांनीं एका सेनाधिकाऱ्याबरोबर त्यांचें प्रेमप्रकरण रंगविलें, आणि शेवटीं तर मुलांना सोडून ती त्याच्याकडे जाण्यास निघते असें दाखविलें. ज्या बाईनें उभें आयुष्य मुलांपाशीं काढलें तिच्याविषयीं हें! शिक्षक ह्या नात्यानें आम्हांस सांगितलेंच पाहिजे कीं, त्या दिवशीं चित्रपट दाखविण्यापूर्वीं हें आम्हीं मुलांस सांगावयास हवें होतें. तें राहून गेलें. ह्यांत दोष कथा रचणाऱ्यांचा अधिक, नटीचा कमी. तरीही असें दिसतें कीं, अमेरिकन लोकांनीं बाईंना ज्या चुकीनें शिक्षा केली तीच चूक उलट्या बाजूनें येथें झाली. तेथें नटीला संत समजून तिच्यावर दगड उचलले. येथें खऱ्याखुऱ्या सेविकेला नायिका बनवून तिची विटंबना केली.

१९५८ च्या डिसेंबरांत बाईंनीं लार्स श्मिट ह्या स्वीडिश नाट्यनिर्मात्याशीं तिसरें लग्न केलें. त्याचें स्वीडनच्या पश्चिम किनाऱ्याजवळ डानहोल्मेन नांवाचें एक खडकाळ बेट होतें. तेथें बाई उन्हाळा घालवीत. हेंही लग्न पुढें सुटलें, पण स्नेह सुटला नाहीं. लंडन, पॅरिस व न्यूयॉर्क येथें त्यांनीं पुष्कळ नाटकें केलीं. त्या सर्वांचीं नांवें देऊन आम्ही जागा अडवीत नाहीं. १९७२ सालीं इलिनॉयचे सेनेटर चार्ल्स पर्सी ह्यांनीं त्याच सेनेटच्या दप्तरांत बाईंचा गौरव नमूद करून बावीस वर्षांपूर्वींच्या हल्ल्याबद्दल खेद व्यक्त केला.

१९७४ सालीं ‘मर्डर ऑन दि ओरिएंट एक्स्प्रेस’ ह्या चित्रपटासाठीं दिग्दर्शक सिडनी ल्यूमेट ह्यांनीं त्यांना एका रशियन राजकन्येचें भारदस्त काम देऊं केलें. बाईंनीं तें नाकारून ग्रेटा ओल्सन नांवाच्या भाबड्या स्वीडिश मिशनरीचें लहानसें काम मागितलें. त्यांचा मुख्य प्रवेश एकच. सुमारें पांच मिनिटें कॅमेरा एकदांही न थांबवितां तो त्यांच्या चेहऱ्यावर ठेवला आहे. त्यासाठीं त्यांना तिसरा ऑस्कर मिळाला, आणि तो घेतांना व्यासपीठावरून त्यांनीं सांगितलें कीं, हा मान खरोखर व्हॅलेंटिना कोर्तेसे ह्या इटालियन नटीचा होता.

ह्याच सुमारास त्यांना स्तनाचा कर्करोग झाल्याचें निघालें. शस्त्रक्रिया झाली, काम थांबलें नाहीं. १९७७ सालीं इंगमार बर्गमन ह्या स्वीडिश दिग्दर्शकाबरोबर त्यांनीं ‘ऑटम सोनाटा’ हा चित्रपट केला. आडनांव एक असलें तरी दोघांचें नातें नव्हतें. कित्येक वर्षांनीं त्या आपल्या मातृभाषेंत बोलत होत्या. भूमिका अशी : एक जगप्रसिद्ध पियानोवादिका, कलेच्या पायीं मुलींकडे दुर्लक्ष केलेली, सात वर्षांनीं मुलीच्या घरीं येते, आणि एका रात्रीं ती मुलगी आईपुढें आपलें सारें बाळपण मांडते. सात वर्षें मुलीला न भेटणारी आई असूं शकेल काय, असा वाद बाईंनीं दिग्दर्शकाशीं घातला. दिग्दर्शक हटला नाहीं. अखेर त्यांनीं ती भूमिका केली, आणि कोठेंही स्वतःची बाजू सांवरून घेतली नाहीं. आमच्या मतें हें त्यांचें सर्वांत मोठें काम. जोगिणीच्या वेषांत त्या सुंदर दिसल्या. येथें त्या खऱ्या दिसतात.

१९८० सालीं त्यांनीं आत्मचरित्र प्रसिद्ध केलें. त्यांत साहाय्य करणारा लेखक तोच अलन बर्जेस, ज्यानें ग्लॅडिसबाईंचें चरित्र लिहिलें होतें. १९८१ सालीं त्या इस्राएल देशांत गेल्या. तेथील दिवंगत पंतप्रधान गोल्डा मेयर ह्यांच्या जीवनावर दूरदर्शनसाठीं चित्रपट व्हावयाचा होता. रोग पुन्हां पसरला होता. उजवा हात सुजून इतका जड झाला होता कीं, दुसऱ्या दिवशीं कॅमेऱ्यापुढें तो बरा दिसावा म्हणून त्या रात्रभर हात उंच बांधून ठेवीत. काम पुरें झालें.

ता. २९ ऑगस्ट १९८२ हा त्यांचा सदुसष्टावा वाढदिवस. लंडनच्या राहत्या घरीं थोड्या स्नेह्यांसह तो साजरा झाला आणि त्याच रात्रीं त्यांनीं देह ठेवला. ज्या डानहोल्मेन बेटावर त्या उन्हाळ्यांत राहत त्याच्याजवळच्या समुद्रांत त्यांची रक्षा सोडण्यांत आली. समोरच्या फ्येलबाका गांवांतील चौकास त्यांचें नांव आहे. पुढच्याच महिन्यांत गोल्डा मेयर ह्यांच्या भूमिकेबद्दल त्यांना अमेरिकेंतील एमी पारितोषिक जाहीर झालें. व्यासपीठावर जाऊन तें आईच्या वतीनें स्वीकारलें, तें पियानें.